राहु : आकाशांतील रिकाम्या जागेचा इतिहास

माहीमच्या किनाऱ्यावर पश्चिमेकडे तोंड करून उभें राहिलें, म्हणजे उजव्या हातास वांद्र्याचा किनारा, डाव्या हातास वरळीचें टोक आणि मध्यें उघडें आकाश दिसतें. येथें सूर्यास्त पाहण्यास नित्य येणाऱ्या मनुष्याच्या एक गोष्ट सहज ध्यानांत येते. मावळत्या सूर्याची जागा ऋतूंप्रमाणें सरकते. जून महिन्यांत तो ठीक पश्चिमेच्या सुमारें २५ अंश उत्तरेस बुडतो आणि डिसेंबरांत तितकाच दक्षिणेस. या मर्यादा तो कधीं ओलांडीत नाहीं. चंद्राचें तसें नाहीं. एक तर उत्तरेपासून दक्षिणेपर्यंतची सर्व येरझार तो एका महिन्यांतच उरकतो. आणि दुसरें असें कीं, त्याच्या मर्यादा स्वतःच पुढेंमागें होतात. २०१५ च्या सुमारास तो पश्चिमबिंदूच्या दोन्ही बाजूंस सुमारें २० अंशांपर्यंतच जाऊन परतत असे. २०२४ व २०२५ या वर्षीं तोच सुमारें ३० अंशांपर्यंत जाऊन मावळूं लागला. चंद्राच्या या झोक्याची दोरी कोणाच्या हातीं आहे, असें जुन्या ज्योतिषास विचारलें असतें, तर त्यानें एकच नांव घेतलें असतें, आणि तें म्हणजे राहु.

हा राहु मोठा विलक्षण ग्रह आहे. तो दिसत नाहीं. त्यास तेज नाहीं, वजन नाहीं, आकार नाहीं. इतर ग्रह मधून मधून वक्री होतात, हा मात्र सदैव उलट चालतो. असें असूनहि नवग्रहांत त्यास आसन आहे, पंचांगांत रकाना आहे, कुंडलींत घर आहे. जो नाहीं त्याला इतकें मानाचें, किंवा इतकें भयाचें, स्थान कसें मिळालें, आणि तो नाहीं असें ठरल्यानंतरहि तें कसें टिकलें, हा भारतीय ज्ञानाच्या इतिहासांतील एक मोठा बोधप्रद अध्याय आहे.

ऋग्वेदांत राहूचें नांव येत नाहीं. तेथें, पांचव्या मंडलांत, स्वर्भानु नांवाचा असुर सूर्यास अंधारानें वेधतो आणि अत्रि ऋषि त्यास मुक्त करतात, एवढेंच आहे. पुढें पुराणांनीं या अंधाराला शरीर दिलें, चरित्र दिलें. तें चरित्र सर्वांच्या परिचयाचें आहे. देव आणि दैत्य या दोघांनीं समुद्र घुसळला; श्रम दोघांचे, परंतु अमृत निघाल्यावर मोहिनीनें तें वाढलें तें देवांच्याच पंगतीस. एक दैत्य वेष पालटून त्या पंगतींत सूर्य आणि चंद्र यांच्याजवळ येऊन बसला. अमृत घशाखालीं उतरण्यापूर्वींच शेजाऱ्यांनीं खूण केली, सुदर्शन सुटलें आणि त्याचें शिर धडावेगळें झालें. परंतु अमृताचा स्पर्श झालेला असल्यामुळें तें मेलें मात्र नाहीं. शिर तें राहु आणि धड तें केतु. आणि चहाडी करणाऱ्या त्या दोघांस अधूनमधून ग्रासणें हाच त्याचा कायमचा सूड. महाराष्ट्रानें ही कथा आपल्या भूमींतहि आणून बसविली आहे. नेवासें येथें मोहिनीराजाचें देऊळ आहे. राहूचें शिर पडलें तें राहुरी आणि काया पडली तें कायगांव, असें गोदाप्रवरेच्या परिसरांतील लोककथा सांगते.

ही कथा म्हणजे केवळ मनोरंजन, असें समजून पुढें जाणें बरोबर होणार नाहीं. पुराणांनीं जें विश्व कल्पिलें, त्यांत राहूचें स्थान मोजून-मापून दिलेलें आहे. पृथ्वी सपाट, मध्यभागीं मेरु पर्वत, त्याभोंवतीं वलयाकार द्वीपें आणि समुद्र. विष्णुपुराणाच्या मतें पृथ्वीपासून एक लक्ष योजनें वर सूर्य आणि सूर्याच्याहि वर एक लक्ष योजनें चंद्र. त्याच्यावर नक्षत्रें, बुध, शुक्र, मंगळ, गुरु, शनि, सप्तर्षि आणि सर्वांच्या शिखरावर ध्रुव. सर्व ज्योतींचे रथ ध्रुवाला वायुरूप दोऱ्यांनीं बांधलेले आहेत. राहूच्या रथास आठ काळे घोडे आहेत. ते एकदां जुंपले ते कधीं सुटतच नाहींत. भागवताच्या पांचव्या स्कंधांत तर आणखी बारकावा आहे. सूर्याच्या दहा हजार योजनें खालीं राहु नक्षत्रासारखा फिरतो. सूर्याचें बिंब दहा हजार योजनांचें, चंद्राचें बारा हजारांचें आणि राहूचें तेरा हजारांचें.

हीं मापें मनास येतील तशीं ठेवलेलीं नाहींत. त्या विश्वांत चंद्र सूर्याच्या वर आहे. मग अमावास्येस तो सूर्यास झांकणार कसा? पृथ्वी सपाट आहे आणि सूर्य मेरूभोंवतीं फिरतो. मग पृथ्वीची छाया चंद्रावर पडणार कशी? अशा रचनेंत ग्रहणें घडावयाचीं असतील, तर तिसरें एखादें काळें बिंब मानल्यावांचून गत्यंतरच नाहीं; आणि तें दोघांनाहि झांकील इतकें मोठें पाहिजे, म्हणून तेरा हजार योजनांचें. राहु ही त्या विश्वाची लहर नव्हे, गरज होती. विश्वाची मांडणी चुकली, म्हणून ती सांवरण्यासाठीं एक कल्पित तारा जन्मास आला.

परंतु आकाशांत दिलेलें स्थान आकाशापुरतें राहत नाहीं. देवांच्या पंगतींतून उठविलेल्या या दैत्याचें नातें जमिनीवर पंगतीबाहेर ठेवलेल्या माणसांशीं जोडण्यांत आलें. राहु-केतु हे अस्पृश्य मानलेल्या जातींचे पूर्वज, किंवा सूर्यचंद्र हे त्यांचे देणेकरी, अशी समजूत महाराष्ट्रांत रूढ होती. म्हणून ग्रहण लागलें कीं या जातींतील स्त्रीपुरुषांनीं झोळी घेऊन ‘दे दान, सुटे गिराण’ असा पुकारा करीत फिरावें, आणि घरांतल्यांनीं जुनें वस्त्र, धान्य, पैसा त्यांच्या झोळींत दुरून टाकावा, असा परिपाठ पडला. मुंबईच्या चाळींतून व गल्ल्यांतूनहि हा पुकारा पिढ्यान् पिढ्या ऐकूं येत असे. देणाऱ्यास वाटे, आपण सूर्यास सोडविलें. घेणाऱ्याच्या पदरांत धान्याबरोबर काय पडत होतें, हें पाहण्याची मात्र कोणास आवश्यकता वाटली नाहीं. एका नसलेल्या ग्रहाच्या साक्षीनें एका असलेल्या मनुष्याची पायरी ठरत होती. १९२७ च्या मार्च महिन्यांत महाडच्या परिषदेंत डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनीं आपल्या बांधवांस शिळ्यापाक्या तुकड्यांचा हक्क सोडा आणि स्वाभिमानानें उभे राहा, असें आवाहन केलें, तेव्हां अशा सर्वच दानांच्या मुळाशीं घाव बसला. पुढें ज्यांचें वास्तव्य माहीमला लागूनच असलेल्या दादर येथील ‘राजगृहा’त झालें, त्या या महापुरुषानें ग्रहणाचें गणित मांडलें नव्हतें, परंतु ग्रहणानें ठरविलेली पायरी नाकारली होती.

गणित मात्र त्यापूर्वीं कितीतरी शतकें मांडलें गेलें होतें. इ. स. ४९९ मध्यें, वयाच्या तेविसाव्या वर्षीं, आर्यभटानें पृथ्वी गोल मानली, चंद्रास सूर्याच्या खालीं, पृथ्वीला सर्वांत जवळ आणलें आणि चंद्र सूर्यास झांकतो व पृथ्वीची मोठी छाया चंद्रास झांकते, असें थोडक्या शब्दांत सांगून टाकलें. मांडणी सुधारतांच तिसऱ्या बिंबाची गरज संपली. राहूची चाकरी त्याच दिवशीं सुटली, असें म्हणावयास हरकत नाहीं.

तथापि चाकरी सुटली म्हणून घर सुटलें नाहीं. सहाव्या शतकांत अवंतीच्या वराहमिहिरानें आपल्या बृहत्संहितेंत एक सबंध अध्याय राहूला वाहिला आणि त्यांतच राहु हें ग्रहणाचें कारण नव्हे, असें स्पष्ट लिहिलें. राहु जर शरीरधारी आणि राशींतून नियमानें फिरणारा असेल, तर सहा राशींच्या अंतरावरील सूर्यचंद्रांस तो कसा धरील? आणि त्याची गति अनिश्चित असेल, तर ग्रहण गणितानें आधीं कसें सांगतां येतें? हे प्रश्न आजच्या वाचकासहि पटतील. परंतु याच अध्यायांत त्यानें तडजोडहि करून ठेविली. ग्रहणकाळीं होणाऱ्या दानांत व होमांत तुझा वांटा राहील, असा वर ब्रह्मदेवानें राहूला दिला आहे. त्यामुळें तो त्या वेळीं तेथें सन्निध असतो, आणि म्हणून लोक उपचारानें ‘राहु’ म्हणतात. कारणत्व काढून घेतलें, दक्षिणा ठेविली.

वराहमिहिराची ही तडजोड सौम्य होती. ब्रह्मगुप्ताची तशी नव्हती. इ. स. ६२८ मध्यें, तीस वर्षांचा असतांना, त्यानें ब्राह्मस्फुटसिद्धांत रचला. त्यांत राहु न मानणाऱ्या आर्यभटादिकांस त्यानें दोष दिला. असें म्हणणें वेद, स्मृति आणि संहिता यांच्याविरुद्ध जातें, असें बजावलें. आणि त्याच ग्रंथांत ग्रहणाचें गणित देतांना चंद्रबिंब आणि भूछाया यांचींच मापें वापरलीं! चारशें वर्षांनंतर, १०३० च्या सुमारास, अल्‌-बिरूनीनें हिंदुस्थानावरील आपल्या ग्रंथांत हा विरोध बरोबर पकडला. इतक्या तीक्ष्ण बुद्धीच्या पुरुषानें मनाविरुद्ध असें कां लिहावें, याचा विचार करतां सॉक्रेटिसावर ओढवली तशी कांहीं आपत्ति त्याच्याहि समोर उभी असली पाहिजे, असा तर्क त्यानें केला. परकीय प्रवाशानें एका भारतीय गणितज्ञाविषयीं दाखविलेली ही सहानुभूति विचार करण्यासारखी आहे. ज्याला ठाऊक होतें त्यानें उघड बोलावयाचें टाळलें. आणि ज्याला ठाऊक नव्हतें त्याच्या घरापुढें पुकारा चालूच राहिला.

तरीसुद्धां या विद्वानांनीं राहूसाठीं एक खरी जागा शोधून काढली, हें त्यांचें मोठें श्रेय होय. सूर्याचा आकाशांतील मार्ग आणि चंद्राचा मार्ग हे एकाच पातळींत नाहींत; त्यांत सुमारें ५ अंश ९ कलांचा कोन आहे. हे दोन मार्ग परस्परांस दोन ठिकाणीं छेदतात. चंद्र जेथें उत्तरेकडे ओलांडतो तो बिंदु राहु, आणि समोरचा, जेथें तो दक्षिणेकडे ओलांडतो, तो केतु. गणिताच्या भाषेंत यांस ‘पात’ म्हणतात. अमावास्या किंवा पौर्णिमा या बिंदूंच्या जवळ घडली तरच ग्रहण. एरवीं चंद्र वरून किंवा खालून निसटून जातो. दर महिन्यास ग्रहण कां होत नाहीं, याचें हें उत्तर.

हे बिंदु स्थिर नाहींत. ते उलट दिशेनें सरकतात, आणि राहूचें सदैव वक्री असणें तें हेंच. एका महायुगाच्या ४३,२०,००० वर्षांत राहूचे २,३२,२२६ फेरे होतात, असें आर्यभटानें दिलें आहे. भागाकार केला तर एका फेऱ्यास १८ वर्षें आणि सात महिन्यांहून किंचित् अधिक काळ येतो. आधुनिक मापनहि १८.६ वर्षें असेंच आहे. पात मागें सरकत असल्यामुळें सूर्य पुन्हां त्याच पाताशीं ३४६.६ दिवसांतच येऊन पोंचतो. म्हणून ग्रहणांचा हंगाम दर वर्षीं सुमारें १९ दिवस अलीकडे येतो. डोळ्यांस न दिसणाऱ्या बिंदूची गति दीड हजार वर्षांपूर्वीं इतकी अचूक मिळाली, ती अर्थातच ग्रहणांच्या नोंदींवरून. ज्या घटनांनीं भय उत्पन्न केलें, त्यांनींच माप दिलें.

हें माप महाराष्ट्राच्या घरोघरीं पोंचविलें तें कोंकणच्या किनाऱ्यानें. मुंबईच्या दक्षिणेस, मुरुड-जंजिऱ्याजवळील नांदगांवचा गणेश दैवज्ञ यानें शके १४४२ मध्यें, म्हणजे इ. स. १५२० मध्यें, ग्रहलाघव हा ग्रंथ रचला. ज्याचापांची किचकट आंकडेमोड टाळून साध्या गुणाकार-भागाकारांनीं ग्रहण काढण्याची युक्ति त्यांत आहे. गांवच्या जोश्यासहि स्पर्श केव्हां आणि मोक्ष केव्हां, हें पाटीवर मांडतां येऊं लागलें. पुढें कित्येक शतकें महाराष्ट्राचीं पंचांगें याच ग्रंथावर चाललीं. म्हणजे एकच जोशी सकाळीं राहूला बिंदु समजून वजाबाकी करी आणि दुपारीं राहूला दैत्य समजून शांति सांगे. पाटीवरचा राहु आणि चौरंगावरचा राहु यांची गांठ कधीं पडतच नसे.

ती गांठ पडण्याचा प्रसंग २२ जानेवारी १८९८ रोजीं आला. त्या दिवशीं खग्रास सूर्यग्रहणाची छाया कोंकणच्या किनाऱ्यावरून चढून देशावर आली. विजयदुर्गास इंग्लंडचे नॉर्मन लॉक्यर आणि सोलापूर जिल्ह्यांतील जेऊर येथें अमेरिकेंतील लिक वेधशाळेचे कॅम्पबेल आपलीं यंत्रें घेऊन बसले होते. जेऊर येथेंच पुण्याच्या सायन्स कॉलेजचे प्राध्यापक कावसजी दादाभाई नायगांववाला यांनींहि आपला तळ दिला होता. ज्या काळोखांत शेजारच्या खेड्यांतून दानाचा पुकारा होत असे, त्याच दोन मिनिटांच्या काळोखांत सूर्याच्या प्रभामंडलाचीं छायाचित्रें घेण्यांत आलीं. ग्रहण आतां संकट राहिलें नव्हतें. तें पाहण्यासाठीं सातासमुद्रांपलीकडून माणसें येत होतीं.

तरीहि भय एका दिवसांत जात नाहीं. १६ फेब्रुवारी १९८० रोजीं कारवारकडून खग्रास ग्रहणाची छाया गेली, तेव्हां मुंबईंत ग्रहण खंडग्रासच होतें. परंतु एवढ्या गजबजलेल्या शहराचे रस्ते भर दुपारीं ओस पडले होते. डोळ्यांस इजा होऊं नये म्हणून घेतलेली काळजी आणि राहूचें जुनें भय या दोहोंची त्यांत सरमिसळ होती.

माहीमसारख्या वस्तींत ग्रहणाकडे पाहण्याच्या एकाहून अधिक रीती शेजारीं शेजारीं नांदत आल्या आहेत. येथील मखदूम अली माहिमी (१३७२–१४३१) हे कुराणावरील अरबी भाष्याबद्दल विख्यात असलेले विद्वान् होत. त्यांचा दर्गा आजहि सर्व धर्मांच्या लोकांचें श्रद्धास्थान आहे. इस्लामी परंपरा सांगते कीं, इ. स. ६३२ मध्यें पैगंबरांचा लहान मुलगा वारला त्याच दिवशीं सूर्यास ग्रहण लागलें. लोक दोहोंचा संबंध जोडूं लागले, तेव्हां सूर्यचंद्रांस कोणाच्या मरणानें वा जन्मानें ग्रहण लागत नाहीं, असें सांगून त्यांनीं प्रार्थना करण्यास सांगितलें. ज्यास आपल्या दुःखासाठीं आकाशाची साक्ष सहज काढतां आली असती, त्यानेंच ती नाकारली, हें या कथेंतील मर्म.

माहीमच्या कोळीवाड्याचें ज्ञान आणखी निराळें. कोळ्यांचा हिशेब समुद्राशीं. तिथीची पाऊणपट करावी, म्हणजे भरतीची वेळ निघते, हा त्यांचा साधा आडाखा; चतुर्थीस तीन वाजतां, अष्टमीस सहा वाजतां. अमावास्या-पौर्णिमेस उधाण आणि अष्टमीच्या सुमारास भांग. ग्रहणहि अमावास्या किंवा पौर्णिमेसच लागतें. तेव्हां ग्रहण आणि उधाण हीं एकाच चंद्राचीं भावंडें होत. ७ सप्टेंबर २०२५ रोजीं मुंबईनें तें प्रत्यक्ष अनुभविलें. लालबागचा गणपति अनंत चतुर्दशीची मिरवणूक आटोपून त्या दिवशीं सकाळीं गिरगांव चौपाटीवर आला, तों भरतीचें पाणी आडवें आलें. विसर्जन होण्यास रात्रीचे सुमारें नऊ वाजले. आणि ९ वाजून ५७ मिनिटांनीं चंद्राला ग्रहणाचा स्पर्श झाला. पुढें सुमारें ८२ मिनिटें चंद्र पूर्णपणें पृथ्वीच्या छायेंत राहून तांबूस दिसला. पंचांगांत त्या रात्रीं चंद्र आणि राहु एकाच राशींत, कुंभेंत, होते. गणितास त्यापेक्षां अधिक कांहीं म्हणावयाचें नव्हतें.

भरतीशीं राहूचा संबंध एवढ्यावरच संपत नाहीं. पाताच्या स्थानाप्रमाणें चंद्र विषुववृत्तापासून कमीअधिक दूर जातो; कधीं साडेअठरा अंशांपर्यंत, तर कधीं साडेअठ्ठावीस अंशांपर्यंत. त्याबरोबर समुद्रावरील त्याची ओढहि किंचित् पालटते. मुंबईस दिवसांत दोन भरत्या येतात, परंतु त्यांची उंची सारखी नसते. हा फरक चंद्र दूर जातो त्या वर्षीं वाढतो. म्हणून भरतीचीं कोष्टकें तयार करतांना १८.६ वर्षांच्या या फेऱ्याचा संस्कार करावा लागतो. अपोलो बंदरावर १८७८ पासून पाण्याची उंची नोंदली जात आहे. त्या लांबलचक आंकड्यांतहि या फेऱ्याचा हिशेब धरावा लागतो.

देवांच्या पंगतींतून हांकलून दिलेला, विद्वानांनीं अर्धवट नाकारलेला, लोकांनीं भ्यालेला हा ग्रह अखेर भरतीच्या कोष्टकांत एक आंकडा होऊन बसला आहे. तेथें त्यास दान लागत नाहीं आणि त्याच्या नांवानें कोणास पंगतीबाहेर बसावें लागत नाहीं. पुराणांच्या विश्वांत त्यास शरीर होतें, पण जागा चुकीची होती. गणिताच्या विश्वांत त्यास शरीर नाहीं, पण जागा बरोबर आहे.

२०२५ नंतर चंद्राचा झोका पुन्हां आंखडूं लागला आहे. २०३४ च्या सुमारास माहीमच्या किनाऱ्यावरून पाहणाऱ्यास तो पुन्हां वीस अंशांच्या आंतच मावळतांना दिसेल. कोणत्याहि यंत्रावांचून, नुसत्या डोळ्यांनीं आणि थोड्या चिकाटीनें, राहूचें दर्शन घेण्याचा हा एकच मार्ग आहे. आणि त्याला ग्रहणाची वाट पाहावी लागत नाहीं.